सरकलेली बेटं

स्पीलबर्गच्या 'क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड' (१९७७) या सिनेमाच्या सुरुवातीला मेक्सिकोच्या वाळवंटात, धुळीच्या वादळात पाच विमानं सापडतात. १९४५ मध्ये समुद्रावर गडप झालेली. पण कोरी करकरीत, इंजिनं पहिल्या फटक्यात सुरू. काळ आणि जागा दोन्हींवरून उडी मारून आलेली. बर्म्युडा त्रिकोणाची सगळी भुरळ या एका दृश्यात आहे. लहानपणी मीही त्यावर डोळे झाकून विश्वास ठेवला असता. पण ५ डिसेंबर १९४५ ची ती दुपार तासातासाने पाहिली, की भुताटकी वेगळ्याच ठिकाणी सापडते.

दुपारी १:४५. फोर्ट लॉडरडेल, फ्लोरिडा. नौदलाच्या 'फ्लाइट १९' या प्रशिक्षण उड्डाणाची वेळ टळून चाललीय. प्रमुख लेफ्टनंट चार्ल्स टेलर उशिरा आलाय, आणि माझ्याऐवजी दुसऱ्या कुणाला तरी पाठवा म्हणतोय. कारण सांगत नाही. बदली मिळत नाही.

२:१०. पाच अ‍ॅव्हेंजर विमानं उडतात. माणसं चौदा. पूर्वेला 'हेन्स अँड चिकन्स' या उथळ पाण्यावर बॉम्बफेकीचा सराव, आणखी थोडं पूर्वेला, मग उत्तरेकडे वळून बहामा बेटांवरून घरी. कोंबड्या आणि पिल्लं! नाव तरी किती निरुपद्रवी.

३:४०. तळाजवळ उडत असलेल्या लेफ्टनंट रॉबर्ट कॉक्सच्या कानावर भलतंच संभाषण पडतं. कुणीतरी होकायंत्राचं वाचन विचारतंय. उत्तर येतं की मागच्या वळणानंतर आपण चुकलो बहुतेक. कॉक्स विचारपूस करतो. टेलर म्हणतो, दोन्ही होकायंत्रं बिघडलीत, खाली तुटक तुटक जमीन दिसतेय, आपण फ्लोरिडा कीजवर आहोत.

इथे जरा थांबू. टेलर नुकताच मायामीच्या तळावरून आला होता. कीजची बेटं त्याच्या ओळखीची. खाली होती ती बहुधा बहामाची, तशीच विखुरलेली. म्हणजे एक अख्खी बेटांची माळ शेकडो किलोमीटर नैर्ऋत्येला सरकली होती, एका माणसाच्या डोक्यात. कॉक्सने सल्ला दिला तो अगदी रास्त: सूर्य डाव्या पंखावर ठेव आणि किनाऱ्याने वर ये, मायामी लागेल. कीजवरून निघालं तर लागलंच असतं. बहामावरून त्याच दिशेला गेलं तर पुढे नुसता अटलांटिक.

४:४५. रेडिओवर क्युबाच्या स्टेशनांचा व्यत्यय. आपत्कालीन फ्रिक्वेन्सीवर ये, असं तळावरून वारंवार सांगून होतं. टेलर येत नाही. वाहिनी बदलताना पोरं हातची सुटली तर? भीती समजण्यासारखी आहे. याच सुमारास त्या पोरांपैकी कुणीतरी वैतागून बोलतो की नुसतं पश्चिमेला गेलो तरी घरी पोहोचू. लष्करात शिकाऊ पोरगा बरोबर असून चालत नाही.

५:१५. पश्चिमेला वळतात. शेवटी!

५:५०. सूर्य मावळलाय. किनाऱ्यावरच्या केंद्रांना रेडिओवरून त्यांची जागा साधारण उमगते: बहामाच्या उत्तरेला, फ्लोरिडापासून समुद्रात बरंच आत. ही माहिती विमानांपर्यंत पोहोचतच नाही.

६:०४. आपण पूर्वेला पुरेसं गेलोच नाही, असं टेलरला वाटतं. परत पूर्वेला वळू या, म्हणतो.

६:२०. टेलरचा शेवटचा ऐकू आलेला निरोप. जवळजवळ राहा, पहिल्या विमानाचं इंधन दहा गॅलनवर आलं की सगळे एकदम पाण्यात उतरू.

७:२७. शोधासाठी बनाना रिव्हर तळावरून एक मरिनर विमान निघतं, आत १३ माणसं.

७:५०. 'गेन्स मिल्स' जहाजावरून आकाशात ज्वाळा दिसतात, खाली तेलाचा तवंग. मरिनर संपलं.

८:००. अ‍ॅव्हेंजरमधलं इंधन एव्हाना आटलेलं असणार.

चौकशीचा रोख टेलरच्या चुकीकडे होता. त्याच्या आईने तो मानला नाही. नौदलाने पुढे कारण 'अज्ञात' असं बदललं. त्या एका शब्दात पुढच्या कथाकारांनी संसार थाटला: १९६४ मध्ये व्हिन्सेंट गॅडिसने 'बर्म्युडा त्रिकोण' हे नाव चालवलं, १९७४ मध्ये बर्लिट्झ या लेखकाचं त्यावरचं पुस्तक आलं.

१९९१ मध्ये स्पॅनिश गलबतं धुंडाळणाऱ्या एका जहाजाला फोर्ट लॉडरडेलजवळच समुद्रतळावर पाच अ‍ॅव्हेंजर सापडली. बरोबर पाच. जगभर बातमी झाली. मग शेपटीवरचे आकडे तपासले. ती दुसरीच विमानं निघाली.