उशिरा भरलेल्या कोर्ट फीचा माग

अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर ही मुंबईची आजची उपनगरे साष्टी बेटावरची आणि साष्टी 1737 ते 1774 मराठ्यांकडे होती. मराठी अमलात न्यायाबद्दलचे सरकारचे पैसे निकालानंतर वसूल होत: जिंकणाऱ्याकडून हरकी, हरणाऱ्याकडून गुन्हेगारी. त्या पद्धतीचे गोडवे गाण्याचे कारण नाही, निकालावर सरकारची कमाई ठरणे धोक्याचेच. पण फीला उशीर झाला म्हणून दावा बुडाला, हे तिथे संभवत नव्हते.

पैसे दारातच मागायची रीत कंपनी सरकारची. गव्हर्नर जनरल कॉर्नवॉलिसने 1793 साली बंगालमध्ये दाव्यावरची फी काढून टाकली. दोनच वर्षांत ती परत आली, खोटे दावे माजले म्हणून. गव्हर्नर जनरलच्या कौन्सिलातील कायदा सदस्य मेकॉलेने पुढे या सबबीची टर उडवली. फी खोट्याला अडवते तशी खऱ्यालाही अडवते, हे त्याला उघड दिसत होते. फी मात्र टिकली, आणि 1870 च्या कोर्ट फी कायद्याने पुरेसे फीचे तिकीट नसलेला कागद दाखल करून घ्यायलाच मनाई केली.

तिकीट थोडे कमी पडले तर? 1890 साली अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सांगितले की मुदत संपल्यावर तूट भरून अपील वाचत नाही. निकाल इतका कडक होता की 1892 साली कायदेमंडळाला अपिलांपुरते नवे कलम घालावे लागले. 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत ते कलम 149 झाले आणि सगळ्याच कागदांना लागू झाले: कोर्टाने परवानगी दिली आणि तूट भरली, की फी पहिल्या दिवशीच पुरती भरली होती असे मानायचे. कायदा असे घड्याळ मागे फिरवतो ते क्वचितच. समोरच्याला मुदतीचा मिळालेला फायदा त्यात जातो, म्हणून न्यायाधीश आधी वादीची नियत तपासतात.

न्यायालयांनी दाखवलेल्या ढिलाईचा सर्वांत बोलका दाखला 1961 चा, महंत राम दास यांचा. तूट भरायला वेळ वाढवून द्या, हा त्यांचा अर्ज मुदतीतच पडला होता. सुनावणीला आला तेव्हा मुदत उलटलेली. पाटणा उच्च न्यायालयाने हात वर केले. सर्वोच्च न्यायालय म्हणाले, असे आदेश धाक घालण्यापुरते असतात, त्यांनी कोर्टाचे हात बांधले जात नाहीत. पुढे लगाम आवळला गेला. 1976 च्या दुरुस्तीने वादपत्राची तूट भरायला वाढीव वेळ फक्त असाधारण कारण असेल तरच, असे ठरले. 2002 पासून त्याच संहितेच्या कलम 148 खालच्या वाढीव मुदतीला एकूण 30 दिवसांची मर्यादा आली. निर्धन वादीची वाट निराळी. त्याला फी माफ नसते, ती फक्त पुढे ढकलली जाते आणि जिंकल्यावर मिळकतीतून वसूल होते. हरकीची ही दूरची नात म्हणायला हरकत नाही!

आजच्या उपनगरांत उशीर बहुतेक वेळा पैशाच्या चणचणीमुळे होत नाही. तो मूल्यांकनातून येतो. 2012 पूर्वी 50,000 रुपयांवरचा दावा उच्च न्यायालयात जाई. मग शहर दिवाणी न्यायालयाची पैशांची हद्द एक कोटीवर गेली आणि बोरिवलीच्या फ्लॅटचे भांडण त्याच्या दिंडोशीच्या शाखेत लढता येऊ लागले. वकील दावा नुसता मनाई हुकुमाचा दाखवतो, फी नाममात्र भरतो. प्रतिवादी हरकत घेतो: खरी मागणी ताब्याची आहे, फी फ्लॅटच्या किमतीवर भरा. आधी या वादावरच तारखा पडतात. आदेश आला की वादीला थोड्या दिवसांत लाखांची तजवीज करावी लागते, कारण 1959 च्या महाराष्ट्र कोर्ट फी कायद्यातली कमाल फी एके काळी 15,000 रुपये होती, ती 2018 साली तीन लाखांवरून दहा लाखांवर गेली. मालमत्ता, पोटगी, घटस्फोट यांच्या दाव्यांत स्त्रियांना 1994 च्या अधिसूचनेने फी माफ झाली; त्यामुळे घरच्या वाटणीत बहिणीचा दावा बिनतिकिटाचा चाले आणि भावाला मात्र तूट भरायला मुदत मागत फिरावे लागे.