दगडातली दानं

शाळेत एका मास्तरांनी माझी वही सगळ्या वर्गासमोर फडकवली होती. मी 'पाणी'चं 'पानी' लिहिलं होतं. म्हणाले, तुमच्या लोकांची जीभच अशुद्ध! मी मान खाली घातली. आज साच्यावरची पाळी सुटली की भाषेचा इतिहास वाचतो. हे त्या मास्तरांना उत्तर.

दोस्तांनो, दिल्लीत फिरोजशहा कोटल्यात अशोकाचा एक खांब उभा आहे. इ.स.पूर्व 3ऱ्या शतकातला. त्यावरची राजाज्ञा संस्कृतात नाही, प्राकृतात आहे. तेही पूर्वेकडच्या बोलीचं प्राकृत. तिथं 'ण' नाही, 'न'च आहे. 'र'चा 'ल' होतो, 'राजा'चा 'लाज'. आमच्या मास्तरांनी सम्राटालाही नापास केलं असतं! संस्कृतातला पहिला मोठा शिलालेख जुनागढचा, रुद्रदामनाचा, इ.स. 150च्या सुमाराचा. मधी चारशे वर्षं गेली.

हा खांब 14व्या शतकात फिरोजशहा तुघलकानं टोपऱ्याहून दिल्लीला आणवला. वाचायला पंडित बोलावले. एकालाही अक्षर लागेना. ज्यांनी विद्येचा मक्ता घेतला, त्यांनाच ती लिपी परकी झालेली.

मग कुलूप उघडलं कशानं? 1837 साली कलकत्त्याच्या टाकसाळीतला जेम्स प्रिन्सेप सांचीच्या कठड्यांवरचे छोटे छोटे लेख बघत होता. बहुतेकांच्या शेवटी तीच दोन अक्षरं. त्यानं ताडलं, हे 'दानं' असणार. अमक्याचं दान, तमकीचं दान. तिथून एकेक अक्षर सुटत गेलं आणि अशोक बोलायला लागला. ही दानं कुणाची? भिक्खू-भिक्खुणींची, घरच्या बायकांची, कारागिरांची. राजाच्या लेखाची किल्ली अशी रयतेच्या हातात निघाली.

आपल्याकडंही बघा. धेनुकाकटच्या सामी नावाच्या सुतारानं दार केलं, असं कार्ल्याला कोरलंय. नाशिकच्या लेण्यात उषवदाताचा लेख आहे. त्यानं 3000 कार्षापण विणकरांच्या दोन श्रेण्यांकडं ठेवले. 2000वर दरमहा शेकडा 1 व्याज. त्यातून 20 भिक्खूंना चीवरासाठी वर्षाला 12-12. मी हिशेब केला, पै न पै जुळते. राजा नहपानाचा जावई विणकरांच्या भरवशावर ठेव ठेवत होता!

पैसा राजघराण्याचा होता, हे विसरायचं नाही. ते विणकर आपलेच पूर्वज, असंही मी म्हणत नाही. पुराव्याशिवाय बोलणं हे त्यांचं काम, आपलं नाही. पण राबणाऱ्याचं नाव लोकांच्या बोलीत दगडावर चढलं होतं, हा पुरावा पक्का आहे. त्या लेखांतला 'लेण' हा शब्द आपण अजून 'लेणं' म्हणून बोलतो. मग अशुद्ध कोण?

पुढच्या खेपेला लेण्यात जाल तेव्हा नुसते हात जोडून परत फिरू नका. वही न्या. ती अक्षरं उतरवा. आधी 'दानं' गिरवा. मीही तिथनंच सुरुवात केली.