हप्ता किती आणि किती हप्ते?

मे १८७९ मध्ये वासुदेव बळवंत फडक्यांचा साथीदार दौलतराव नाईक घाट उतरून कोकणात आला आणि पनवेलच्या वेशीवरच्या पळस्प्यात दरोडा पडला. फडके मूळचे याच मुलखातले. त्यांचा जन्म १८४५ सालचा, पनवेलजवळच्या शिरढोणचा. त्यांच्या इंग्रजांविरुद्धच्या बंडाला पैसा हवा होता आणि तो सावकारांच्या वाड्यांत होता. आज पळस्पे फाट्यावर गृहप्रकल्पांचे फलक लागलेले असतात. त्यांवर महिन्याचा हप्ता ठळक छापलेला असतो. वीस वर्षांत एकूण किती भरायचे, हा आकडा सहसा कुठेच नसतो.

सावकाराच्या कागदावरही तो नसे. १८५९ साली इंग्रज सरकारने मुदतीचा कायदा केला आणि कर्जरोख्याचे आयुष्य तीन वर्षांचे ठरवले. हेतू कुळाला जुन्या, कुजलेल्या दाव्यांपासून वाचवण्याचा होता. सावकाराने त्यातून वेगळीच वाट काढली. दर तीन वर्षांनी तो नवा रोखा लिहून घेऊ लागला आणि थकलेले व्याज नव्या रोख्यात मुद्दल म्हणून चढवू लागला. तीन वर्षांनी पुन्हा तेच. अंगठा उठवणाऱ्याला एवढेच कळे की कागद नवा झाला. आपण मुळात किती घेतले आणि त्यावर व्याजाचे किती थर चढले, याचा पत्ता त्याला नसे.

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांच्या दुकानांवर चाल केली. त्यांनी वह्या-खाती आणि रोखे मागितले आणि मिळाले ते जाळले. लूट झाली, पण राग मुख्यतः कागदावर होता. हे लोण पुढे नगर जिल्ह्यातही पसरले. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी ऋणनिवारणाचा कायदा आला. सुरुवातीला तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या घाटावरच्या चार जिल्ह्यांपुरताच होता. तेव्हा ठाणे जिल्ह्यात असलेल्या पनवेलला त्याचा लाभ नव्हता. पण त्या कायद्यातली एक गोष्ट फार पुढची होती. न्यायाधीशाने रोख्यावरचा आकडा खरा मानून थांबायचे नाही, व्यवहाराची सुरुवात शोधायची, मुद्दल आणि व्याज वेगळे मांडायचे आणि व्याजाचे मुद्दल झाले असेल तर ते उलगडायचे. सावकाराने भरण्याची पावती द्यावी, हिशेब लिहून द्यावा, कुळाने मागितले तर पासबुक द्यावे, असेही त्यात होते.

त्याही आधीपासून एक जुना बांध होता, दामदुपटीचा. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाच्या वर जाता कामा नये, हा नियम मनुस्मृतीत आहे. मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी तो इंग्रजी अमलातही हिंदू कर्जदारांसाठी चालू ठेवला. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी नियमन कायद्यातही तो वेगळ्या रूपात आहे. सावकाराला व्याजापोटी मुद्दलाहून जास्त रक्कम घेता येत नाही. बँका मात्र या कायद्याच्या कक्षेबाहेर आहेत.

त्या काळचे पनवेल हे बंदर आणि बैलगाड्यांचे गाव. १८३० मध्ये बोरघाटाचा रस्ता खुला झाला आणि दख्खनचा माल पनवेलच्या खाडीतून होड्यांनी मुंबईला जाऊ लागला. गाड्यांची चाके बनवणे हा इथला नावाजलेला धंदा. घाटावरून आलेला गाडीवान परतताना चाकांची एक जोडी घेऊनच जाई, अशी नोंद जुन्या गॅझेटियरमध्ये आहे. १८५२ साली इथे नगरपालिका आली. १८६३ मध्ये बोरघाटातून रेल्वे सुरू झाली आणि मालाने कर्जत-कल्याणची वाट धरली. पनवेल बाजूला पडले.

अशा गावात घर बापजाद्यांकडून मिळे. कर्ज लग्नासाठी, आजारपणासाठी, शेतासाठी काढले जाई आणि घर गहाण पडे. घर घेण्यासाठी कर्ज ही कल्पनाच नव्हती. गहाणाचे प्रकार सर्वांना तोंडपाठ होते. नजरगहाणात ताबा आपल्याकडेच राही. ताबेगहाणात घर किंवा जमीन सावकाराच्या हाती जाई आणि व्याजाऐवजी तो उत्पन्न खाई. मुदतखरेदीत कागद विक्रीचाच होई आणि ठरलेल्या दिवशी पैसे फेडले नाहीत तर विक्री कायम. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने या प्रकारांना कलमांत बसवले. त्यातच आणखी एक प्रकार होता. शहरातल्या व्यापाऱ्याने घराची मूळ कागदपत्रे धनकोकडे नुसती ठेवायची, तेच गहाण. आज बँक ‘इंडेक्स टू’ या नोंदणी उताऱ्यासह मूळ करारनामा ठेवून घेते, त्याची मुळे इथे आहेत.

घरासाठी कर्ज ही कल्पना मुंबईत रुजली. १९१५ साली गावदेवीत रावबहादूर तालमकी यांच्या पुढाकाराने सारस्वत को-ऑपरेटिव्ह हाऊसिंग सोसायटी उभी राहिली. पगारदाराने एकट्याने नव्हे, तर जमातीने मिळून घर घ्यावे हा तिचा विचार. अमेरिकेने मंदीच्या तडाख्यात, १९३४ मध्ये, सरकारी विम्याच्या आधाराने लांब मुदतीचे, समान मासिक हप्त्यांत फिटणारे कर्ज रूढ केले. भारतात ते घराघरांत पोहोचायला आणखी चार दशके गेली. हसमुखभाई पारेख यांनी १९७७ मध्ये एचडीएफसी स्थापन केली. पुढच्या वर्षी तिने दिलेले पहिले कर्ज मालाडच्या एका घरासाठी होते, ३० हजार रुपयांचे, साडेदहा टक्के दराने.

तोवर पनवेलच्या शेजारी नवे पनवेल आखले जात होते. १७ मार्च १९७० रोजी नवी मुंबई उभारण्यासाठी सिडको स्थापन झाली. पनवेल, उरण आणि ठाणे भागातल्या गावांच्या जमिनी नव्या मुंबईसाठी संपादित झाल्या. मोबदल्याचा प्रश्न चिघळला. जानेवारी १९८४ मध्ये जासई-दास्तान परिसरात प्रकल्पग्रस्तांचे नेते दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालच्या आंदोलनावर गोळीबार होऊन पाच जण गेले. त्यातून पुढे संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड मूळ मालकांना देण्याची योजना आली. त्या जमिनींवर उभ्या राहिलेल्या इमारतींतली घरे विकली गेली ती बव्हंशी साठ वर्षांच्या भाडेपट्ट्यावरच्या जमिनीवर. म्हणजे तीस वर्षांचे कर्ज काढणारा माणूस पट्ट्याच्या निम्म्या आयुष्याइतका काळ हप्ते भरतो. इमारत जुनी असली तर पट्ट्याची उरलेली वर्षे कर्जाच्या वर्षांहून फारशी जास्त नसतात.

१९९८ मध्ये उपनगरी लोकल पनवेलपर्यंत आली. लोकल आली तसे कर्ज आले. त्या सुमारास अनेक गृहकर्जांत व्याजाची मोजणी वार्षिक होती. हप्ता दर महिन्याला भरला तरी मुद्दल वर्षअखेरीलाच कमी धरले जाई. जानेवारीत फेडलेल्या पैशावर डिसेंबरपर्यंत व्याज चालू. दहा टक्के दराने वीस वर्षांच्या एक लाखाच्या कर्जाचा हप्ता मासिक मोजणीने ९६५ रुपये येतो, वार्षिक मोजणीने ९७९. फरक चौदा रुपयांचा. वीस वर्षांत तो लाखामागे तीन हजारांच्या वर जातो. कागदावर दर दोन्हीकडे दहाच.

हिशेबाचे खरे पोट मुदतीत आहे. आजचे उदाहरण घेऊ. पनवेलजवळ करंजाडे किंवा कामोठ्यात घर घेण्यासाठी कोणी ४० लाखांचे कर्ज साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी काढले. हप्ता बसतो ३४,७१३ रुपये. बँकेच्या परतफेड तक्त्याची पहिली ओळ वाचली तर त्यात व्याज २८,३३३ आणि मुद्दल ६,३८० दिसते. पाच वर्षांत २० लाख ८३ हजार भरून होतात आणि मुद्दल उतरलेले असते पावणेपाच लाखांनी. निम्मे मुद्दल फिटायला पावणेचौदा वर्षे लागतात. शेवटी एकूण भरणा ८३ लाख ३१ हजार, त्यात व्याज ४३ लाख ३१ हजार. या दराने साधारण पावणेएकोणीस वर्षांची मुदत घेतली की व्याज मुद्दलाला गाठते आणि पुढे जाते. कायद्याच्या भाषेत यात दामदुपट मोडत नाही, कारण तो नियम एका वेळी थकलेल्या व्याजाचा आहे आणि इथे व्याज महिन्याच्या महिन्याला चुकते होते.

आता हेच कर्ज तीस वर्षांचे करा. हप्ता ३०,७५७ वर येतो. महिन्याला चार हजारांची सवलत, आणि व्याज ७० लाख ७२ हजार. सवलतीची किंमत सव्वासत्तावीस लाखांहून जास्त. उलट पंधरा वर्षांचे केले तर हप्ता ३९,३९० होतो आणि व्याज ३० लाख ९० हजारांवर थांबते. विक्री कार्यालयात ‘हप्ता किती बसेल?’ हा प्रश्न हमखास विचारला जातो. ‘किती हप्ते?’ हा प्रश्न क्वचितच कोणी विचारतो.

आणि दर स्थिर राहत नाही. नव्वदीच्या दशकाच्या मध्यात गृहकर्ज पंधरा टक्क्यांच्या वर होते, २००४ च्या सुमारास आठ टक्क्यांच्या आसपास उतरले, २००८ मध्ये पुन्हा अकरा-बारावर गेले. दर चढले की जुन्या कर्जदाराला लगेच कळे, उतरले की उशिरा. म्हणून रिझर्व्ह बँकेने मोजपट्टी पुनःपुन्हा बदलली. २०१० मध्ये बेस रेट आला, २०१६ मध्ये बँकेच्या निधीखर्चावर बेतलेला एमसीएलआर, आणि १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी गृहकर्जे रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसा देते त्या) बाहेरच्या दराला जोडली गेली.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा. नऊ महिन्यांत अडीच टक्क्यांची चढण. ६.९ टक्क्यांनी घेतलेल्या ४० लाखांच्या वीस वर्षांच्या कर्जाचा हप्ता ३०,७७२ असतो. दर ९.४ झाला की ४० लाखांचे महिन्याचे नुसते व्याज ३१,३३३ होते. म्हणजे जुना हप्ता चालू ठेवला तर मुद्दलाला एक पैसा लागत नाही, उलट थोडे व्याज अंगावर राहून मुद्दलात मिसळते. १८५९ नंतर सावकार तीन वर्षांनी नवा रोखा लिहून जे करी, ते इथे संगणकाने कोणाचा अंगठा न घेता झाले असते. बँकांनी अनेकांची मुदत वाढवली, हप्ता तसाच ठेवला. कर्जदाराला वाटले, आपल्याला काही झळ बसली नाही.

१८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात रिझर्व्ह बँकेने यावर बोट ठेवले. दर बदलला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराने ठरवायचे. स्थिर दराकडे जाण्याचा पर्यायही त्याला द्यायचा, असे बंधन सप्टेंबर २०२५ पर्यंत होते. आणि मुदत वाढवताना हप्ता व्याजालाही अपुरा पडणार नाही, हे बँकेने पाहायचे. त्याआधी २०१२ मध्ये तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना बंद झाला होता. त्यामुळे वर्षाच्या बोनसमधून सुरुवातीच्या वर्षांत भरलेली लाखभर रक्कमही शेवटचे बरेच हप्ते खोडते.

पनवेलच्या बाबतीत आणखी एक खर्च मोजावा लागतो, वाट पाहण्याचा. नवी मुंबई विमानतळाला केंद्राची तत्त्वतः मंजुरी मिळाली २००७ मध्ये. भूमिपूजन फेब्रुवारी २०१८ मध्ये, उद्घाटन ८ ऑक्टोबर २०२५ रोजी आणि प्रवासी विमाने २५ डिसेंबर २०२५ पासून. ‘विमानतळ येतोय’ या आशेवर २००७ साली ज्याने वीस वर्षांचे कर्ज काढले, त्याच्या कर्जाची अठरा वर्षे पहिले विमान उडेपर्यंत सरली होती. बांधकाम रखडले असेल तर घरभाडे आणि प्री-ईएमआय अशी दुहेरी ओढ. त्यातला प्री-ईएमआय म्हणजे उचललेल्या रकमेवरचे निव्वळ व्याज. २०१७ पासून महारेरा या गृहप्रकल्प नियामकामुळे ताब्याची तारीख तरी कागदावर येते.

कर्जाची बाजू घेणारेही खोटे बोलत नाहीत. पैशाची किंमत दरवर्षी घटते. आजचा पस्तीस हजारांचा हप्ता पंधरा वर्षांनी वाढलेल्या पगारातून हलका वाटेल. घरभाडे वाचते आणि घराचा भाव चढला तर व्याजाचा डोंगर लहान दिसतो. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावटही आहे, मात्र नव्या, आता आपोआप लागू होणाऱ्या प्रणालीत ती नाही. हे सगळे धरूनही मुद्रांक शुल्क, नोंदणी, प्रक्रिया शुल्क आणि कर्जाच्या रकमेतच मिळवलेला विम्याचा हप्ता यांचे ओझे उरते. विम्याच्या त्या रकमेवरही वीस वर्षे व्याज चालते.

१ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्ज देणाऱ्या बँका आणि वित्तसंस्थांना प्रत्येक नव्या कर्जदाराला मुख्य माहितीचे एक पत्रक द्यावे लागते, तेही त्याला समजेल अशा भाषेत. सगळे शुल्क धरून येणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ता त्यात असतो. पत्रकात नसलेले शुल्क कर्जदाराच्या स्पष्ट संमतीवाचून लावता येत नाही. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत करण्याचे बंधन डिसेंबर २०२३ पासून आहेच, आणि बँकेच्या चुकीमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजारांची भरपाई. १८७९ च्या न्यायाधीशाला जो हिशेब वाद कोर्टात आल्यावर उकरून काढावा लागे, तो आता सही करण्याआधी हातात येतो. पनवेलकराने कर्ज मराठीत समजून घेत असल्याचे सांगितले, तर त्याला हे पत्रक मराठीत मागता येते.