ज्योत्स्नाबाई भोळे : रंगभूमीवरील कुलवधू

मराठी संगीत रंगभूमीचा पाया १८८० सालीं अण्णासाहेब किर्लोस्करांच्या 'शाकुंतला'नें घातला गेला. त्यानंतर कित्येक वर्षें बहुतेक नाटकमंडळ्यांत स्त्रीभूमिका पुरुषच करीत; बालगंधर्वांनीं तर ती परंपरा वैभवाच्या शिखरास नेली. केवळ स्त्रियांच्या मंडळ्याही होत्या, आणि हिराबाई बडोदेकरांसारख्या थोर गायिकाही रंगभूमीवर उतरल्या. तथापि घरंदाज म्हणविणाऱ्या समाजांत नटीच्या व्यवसायास मान नव्हता. तो मिळवून देणाऱ्यांत ज्योत्स्नाबाई भोळे यांचें नांव अग्रभागीं येतें.

१९१४ सालीं गोमंतकांत त्यांचा जन्म झाला. माहेरचें नांव दुर्गा केळेकर. बालपणींच त्या मुंबईस आल्या. तेव्हां मुंबई झपाट्यानें पालटत होती. कापसाचा बाजार कुलाब्याहून शिवडीजवळील कॉटन ग्रीनला आला. १९२७ सालीं नभोवाणीही सुरू झाली. घरबसल्या गाणें ऐकणारा नवा श्रोतृवर्ग निर्माण होत होता. या वर्गास ज्योत्स्नाबाईंचा आवाज नभोवाणी व ध्वनिमुद्रिका यांच्या द्वारें परिचित झाला.

१ जुलै १९३३ रोजीं नाट्यमन्वंतर संस्थेनें मुंबईंत 'आंधळ्यांची शाळा' हें नाटक रंगभूमीवर आणलें. नॉर्वेचे नाटककार ब्यर्नसन यांच्या नाटकावरून श्री. वि. वर्तकांनीं तें रचलें होतें. स्त्रीच्या शीलास एक माप आणि पुरुषाच्या शीलास दुसरें कां, हा त्यांतील प्रश्न. बिंबेची भूमिका ज्योत्स्नाबाईंनीं केली. पदें मोजकीं होतीं. तानांची आतषबाजी नव्हती. शब्दांतील भाव स्वरांतून व्यक्त करणारी ही गायकी प्रसंगास शोभून दिसली. संगीत त्यांचे पति केशवराव भोळे यांचें होतें.

१९४२ सालीं मो. ग. रांगणेकरांच्या नाट्यनिकेतनानें 'कुलवधू' सादर केलें. संगीत मास्तर कृष्णरावांचें होतें. नाटकाची नायिका भानुमती स्वतःच चित्रपटांत काम करणारी नटी आहे. तिची कीर्ति आणि मिळकत पतीस सलूं लागते, व संसारास तडा जातो. अर्थार्जन करणाऱ्या कलावतीस कुलवधू म्हणावें कीं नाहीं, हा वाद मध्यमवर्गाच्या दिवाणखान्यांत प्रथमच इतक्या स्पष्टपणें आला. आणि ती भूमिका करणारी स्त्री प्रत्यक्षांत संसार व रंगभूमि दोन्ही सांभाळीत होती. तिच्या गाण्यास चाली लावण्यांत तिच्या पतीनें भूषण मानिलें होतें. नाटकांतील प्रश्नाचें उत्तर प्रेक्षकांस तिच्या आयुष्यांतच दिसत होतें.

२००१ सालीं ज्योत्स्नाबाई निवर्तल्या. पुढें सुशिक्षित घरांतील मुली रंगभूमीवर निःसंकोच उभ्या राहूं लागल्या. ती वाट अशा कलावतींच्या कष्टांनीं रुळलेली होती.