कोथरूडची तुती आणि रेशमाचा किडा

वसईचे नाव निघाले की किल्ला, चिमाजी अप्पा आणि पानमळे डोळ्यांपुढे उभे राहतात. पण १७३९ पूर्वी, फिरंगी अमदानीत, ह्याच वसई प्रांतातील ठाणे शहर रेशमी मागांविषयी नावाजलेले होते, ही आठवण फारशी कोणी काढीत नाही. माग येथले, विणकर येथले. पुढे येवले, पुणे येथेही तसेच. कच्चे रेशीम मात्र चीनहून नाही तर बंगालमधून यावयाचे. विणण्याची कला जेथे इतकी मुरली, तेथे किडा का पोसला गेला नाही, ह्या प्रश्नाने आम्हांस पुष्कळ दिवस बेचैन केले आहे.

किडा आमच्या रानांत नव्हता असे नाही. ऐनाच्या झाडावरील टसराच्या किड्याविषयी कर्नल साइक्स ह्याने १८३४ च्या सुमारास निबंध लिहिला. त्याचा टणक कोश चिरून रानातले लोक त्याची वादी काढीत व तीने तोड्याच्या बंदुकीची नळी दस्त्यास आवळीत. सूत काढावयाचे सोडून वादी काढली म्हणून हसू नये. ज्यास बंदूक हवी त्यास पितांबर कशास?

१८३० नंतरच्या दशकात मुट्टी नामक इटालियन गृहस्थाने पुण्याजवळ कोथरूड येथे तुती लावली. कंपनी सरकारने त्यास आश्रय दिला. बंगालप्रमाणे तुतीची झुडपे न राखता तिचे वृक्ष वाढवावे, असा त्याचा आग्रह. तथापि दख्खनेत हा उद्योग रुजला नाही. दोष कोणी हवेस दिला, कोणी खर्चास.

आमच्या मते खरी अडचण किड्याच्या प्रकृतीची होती. हा प्राणी सुमारे २५ दिवसांत चार वेळा कात टाकतो आणि बहुतेक पाला अखेरच्या आठवड्यात फस्त करतो. ओला पाला, कोंदट खोली, उष्ट्या पाल्याचा कुजका थर, ह्यांपैकी एकही त्यास सोसत नाही. कोकणच्या पावसाळ्यात तर तिन्ही आयतेच मिळतात! पण स्वच्छता राखूनही एक रोग उरतो. पेब्रिनचे जंतू आईच्या पोटातूनच अंड्यांत उतरतात. मुट्टीच्या किड्यांस हाच रोग होता असे आम्ही म्हणत नाही. असता, तरी तो ओळखण्याचे साधन त्याच्यापाशी नव्हते, एवढेच. १८६५ साली पाश्चर फ्रान्समधील आलेस येथे गेला व पाच वर्षांच्या खटपटीने त्याने उपाय काढला. प्रत्येक मादीची अंडी निराळी ठेवावी, मग मादी खलून तो रस सूक्ष्मदर्शकाखाली पाहावा. जंतू दिसल्यास ती सर्व अंडी जाळून टाकावी.

पुढे महाराष्ट्रात १९९७ साली नागपुरास रेशीम संचालनालय निघाले, २०१८ साली जालन्यास कोशांचा बाजार भरू लागला. कोकण मागेच राहिले; तुती पसरली ती मराठवाड्याच्या कोरड्या रानांत, कापसाच्या शेजारी. तेथील शेतकऱ्याच्या घरी जे अंडीपुंज येतात, त्यांची आई अजूनही खलात घोटून सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलेली असते.