थॅडियस स्टीव्हन्स : जिंकलेला खटला, हरलेला ठराव

अमेरिकेतील गुलामगिरीच्या अंताची कथा आपल्याकडे लिंकनपाशी सुरू होते आणि बहुधा तिथेच संपते. हा धागा त्याच काळातील एका वकिलाविषयी आहे. लिंकन फार सावकाश चालतो, ही त्याची कायमची तक्रार होती.

थॅडियस स्टीव्हन्सचा जन्म १७९२ साली व्हरमाँटमधील डॅनव्हिल येथे झाला. पाय जन्मतः अधू, घरी दारिद्र्य, वडील कुटुंबाला सोडून गेलेले. आईच्या कष्टांवर तो शिकला आणि १८१६ मध्ये पेनसिल्व्हेनियातील गेटिसबर्ग येथे वकिली करू लागला.

त्याच्या चरित्रातील सर्वांत अवघड पान १८२१ सालचे आहे. परराज्यातील मालकाने आपल्या गुलामाला पेनसिल्व्हेनियात सहा महिने ठेवले, तर तो मुक्त होई. तसा १७८० चा कायदाच होता. मेरीलँडच्या चॅरिटी बटलर या स्त्रीचा दावा असा की, आपल्या निरनिराळ्या मुक्कामांची बेरीज सहा महिन्यांहून अधिक भरते. स्टीव्हन्स उभा राहिला तो मालकाच्या बाजूने. सहा महिने सलगच हवेत, हा त्याचा युक्तिवाद राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने मान्य केला. चॅरिटी आणि तिची मुले गुलामच राहिली.

पुढे याच वकिलाने पळून आलेल्या गुलामांचे खटले विनामूल्य लढवले. हे प्रायश्चित्त होते, असे म्हणण्याचा मोह होतो. पण माणसाच्या मनाचा असा हिशेब मांडताना इतिहासाच्या अभ्यासकाने जपूनच राहावे. कृती मात्र निर्विवाद आहेत. पेनसिल्व्हेनियाच्या १८३८ च्या राज्यघटनेने मताधिकार केवळ गोऱ्या पुरुषांना दिला, म्हणून घटना-परिषदेचा सदस्य असूनही त्याने तिच्यावर सही केली नाही. त्याआधी १८३५ मध्ये मोफत सार्वजनिक शाळांचा कायदा रद्द होण्याच्या बेतात असताना त्याच्या भाषणाने तो वाचवला होता.

यादवी युद्धात प्रतिनिधिगृहाच्या अर्थविषयक समितीचे अध्यक्षपद त्याच्याकडे होते; युद्धाचा पैसा त्याच्या हाताखालून जाई. १८६३ च्या जूनमध्ये दक्षिणेच्या सैन्याने त्याचा कॅलेडोनिया येथील लोखंडाचा कारखाना जाळला.

युद्धानंतर त्याने खरा प्रश्न विचारला : मुक्त झालेला माणूस खाणार काय? दक्षिणेतील बड्या जमीनदारांच्या जमिनी जप्त करून मुक्त कुटुंबांना प्रत्येकी चाळीस एकर द्यावेत, हा त्याचा प्रस्ताव स्वपक्षीयांनीही उचलून धरला नाही. कूळकायद्याचा इतिहास ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला या पराभवाचा अर्थ निराळा सांगायला नको. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ अमेरिकेतील सदाचारी लोकांना अर्पण केली, तेव्हा मुक्त झालेले बहुसंख्य लोक जुन्याच मालकांची शेते वाट्याने कसत होते.

कायद्यापुढील समानतेची हमी देणारी चौदावी घटनादुरुस्ती त्याला अपुरी वाटत होती, तरी त्याने तिच्या बाजूने मत दिले. राष्ट्राध्यक्ष जॉन्सनवरील महाभियोगाच्या वेळी तो इतका खंगला होता की, त्याला खुर्चीत बसवून उचलून न्यावे लागे. तो महाभियोग एका मताने फसला.

११ ऑगस्ट १८६८ रोजी वॉशिंग्टनमध्ये त्याचे निधन झाले. वर्णभेद पाळणाऱ्या दफनभूमी नाकारून त्याने लँकेस्टरमधील एका लहानशा दफनभूमीत जागा निवडली होती, आणि ती का निवडली याचे कारण स्वतःच्याच शब्दांत थडग्यावर कोरून घेण्याची व्यवस्थाही करून ठेवली होती.