एट्रियल फिब्रिलेशनवरील उपचार

एट्रियल फिब्रिलेशन हा हृदयाची लय बिघडण्याचा नेहमी आढळणारा विकार आहे. या विकारात हृदयाच्या वरच्या दोन कप्प्यांचे, म्हणजे अलिंदांचे, एकसंध आकुंचन न होता ती केवळ थरथरत राहतात. त्यामुळे नाडी अनियमित व बहुधा जलद होते. धडधड, धाप आणि थकवा ही त्याची लक्षणे होत. काही रुग्णांना मात्र कोणतेच लक्षण जाणवत नाही. निदान ईसीजीने होते. रक्ताची गुठळी होऊ न देणे, ठोक्यांची गती आटोक्यात ठेवणे आणि शक्य तेथे लय पूर्ववत करणे ही उपचारांची तीन उद्दिष्टे आहेत.

पक्षाघाताचा धोका

थरथरणाऱ्या डाव्या अलिंदात रक्त साचून गुठळी होते. ती सुटून मेंदूच्या रक्तवाहिनीत अडकल्यास पक्षाघात होतो. या विकारात पक्षाघाताचा धोका सुमारे ५ पट वाढतो. संधिवाताभ तापामुळे हृदयाची द्विदल झडप अरुंद झालेली असल्यास तो याहूनही कितीतरी अधिक असतो. झडप निरोगी असलेल्या रुग्णाचा धोका वय, उच्च रक्तदाब, मधुमेह, हृदयाची अकार्यक्षमता, रक्तवाहिन्यांचे विकार आणि पूर्वीचा पक्षाघात यांच्या गुणांकनावरून ठरवतात. झडप मध्यम किंवा तीव्र अरुंद असल्यास गुणांकनाची वाट न पाहता औषध सुरू केले जाते.

रक्त पातळ करणारी औषधे

या औषधांनी रक्त प्रत्यक्षात पातळ होत नाही. ते गोठण्याची क्रिया मंदावते. वॉरफेरिन हे त्यांतील जुने औषध. सडलेले गोड क्लोव्हर गवत खाल्लेली गुरे रक्तस्रावाने मरतात, या निरीक्षणातून अमेरिकेतील विस्कॉन्सिन विद्यापीठात कार्ल लिंक यांनी केलेल्या संशोधनाचे हे फलित होय. ते १९४८ मध्ये उंदीर मारण्यासाठी बाजारात आले आणि १९५४ मध्ये माणसांसाठी मान्य झाले. भारतात याच गटातील एसिनोकुमारोल हे औषधही प्रचलित आहे. ही औषधे यकृतातील के जीवनसत्त्वाच्या कार्यात अडथळा आणतात. त्यांची मात्रा आयएनआर या रक्तचाचणीवरून ठरते. हा आकडा साधारणपणे २ ते ३ दरम्यान असावा लागतो. तो कमी झाल्यास गुठळीचा आणि जास्त झाल्यास रक्तस्रावाचा धोका असतो.

डॅबिगॅट्रान, रिव्हारोक्साबॅन, एपिक्साबॅन आणि एडोक्साबॅन ही नवी औषधे २०१० नंतर वापरात आली. त्यांना नियमित आयएनआर चाचणी लागत नाही आणि मेंदूतील रक्तस्रावाचा धोका त्यांत कमी असतो. मात्र त्यांचा परिणाम लवकर ओसरत असल्याने एखाद-दुसरी मात्रा चुकली तरी संरक्षण घटते. मूत्रपिंडाचे कार्यही वेळोवेळी तपासावे लागते. केवळ ॲस्पिरिन हा या औषधांना पर्याय नाही.

झडपेच्या विकारात जुनेच औषध

चाचणीची कटकट नसल्याने नवी औषधे संधिवाताभ हृदयविकारातही अधिक सोयीची ठरतील, अशी अपेक्षा होती. दिल्लीच्या एम्समधील हृदयरोगतज्ज्ञ गणेशन कार्तिकेयन यांच्या नेतृत्वाखाली २४ देशांतील साडेचार हजारांहून अधिक रुग्णांवर झालेल्या 'इन्व्हिक्टस' या अभ्यासाने २०२२ मध्ये याचे उत्तर दिले. रिव्हारोक्साबॅन घेणाऱ्यांत मृत्यू अधिक झाले आणि गंभीर रक्तस्रावात लक्षणीय घट आढळली नाही. त्यामुळे अशा रुग्णांसाठी वॉरफेरिनचा गटच योग्य मानला जातो. यांत तरुण स्त्रियांचे प्रमाण मोठे असते. वॉरफेरिन गर्भाला अपायकारक ठरू शकत असल्याने गर्भधारणेपूर्वीच वैद्यकीय सल्ला घेणे आवश्यक असते.

गती आणि लय यांवरील उपचार

गती कमी करण्यासाठी बीटा-रोधक, डिल्टियाझेम, व्हेरापामिल किंवा डिगॉक्सिन देतात. लय पूर्ववत करण्यासाठी ॲमिओडॅरोनसारखी औषधे किंवा नियंत्रित विद्युत धक्का वापरतात. विकार जुना असल्यास धक्क्यापूर्वी किमान ३ आठवडे आणि नंतर किमान ४ आठवडे रक्त पातळ करणारे औषध द्यावे लागते. फुप्फुसशिरांच्या मुखापाशी उगम पावणारे चुकीचे विद्युत संकेत रोखणाऱ्या ॲब्लेशन या पद्धतीचा पाया १९९८ मध्ये फ्रान्समधील बोर्दो येथील संशोधनाने घातला. लय सुधारली तरी धोक्याचे गुणांकन अधिक असल्यास रक्त पातळ करणारे औषध चालूच ठेवतात.

ग्रामीण व किनारी भागातील दक्षता

पालघर जिल्ह्यातील डहाणू तालुक्यातील वरोरसारख्या किनारी गावांत उपचारांचे यश नियमिततेवर अवलंबून असते. डहाणू येथे उपजिल्हा रुग्णालय आहे. झडपेवरील शस्त्रक्रिया किंवा ॲब्लेशन मात्र मोठ्या शहरांतील रुग्णालयांतच होते. त्यामुळे आयएनआर चाचणीची तारीख पाळणे रुग्णाच्या हाती राहते. मासेमारीसाठी काही दिवस समुद्रावर जाणाऱ्याने गोळ्यांचा पुरेसा साठा जवळ ठेवणे गरजेचे असते.

वॉरफेरिन घेणाऱ्याने पालक, मेथी, शेवग्याचा पाला यांसारख्या पालेभाज्या वर्ज्य करण्याची गरज नसते. त्यांचे प्रमाण दररोज साधारण सारखे असावे. या भाज्यांत असलेले के जीवनसत्त्व हे लिंबू-आवळ्यातील क जीवनसत्त्वाहून वेगळे आहे. वेदनाशामक गोळ्या, काही प्रतिजैविके आणि जडीबुटीची औषधे रक्तस्राव वाढवू शकतात. दंडात किंवा कमरेत टोचल्या जाणाऱ्या इंजेक्शनमुळे स्नायूत रक्त साकळू शकते. म्हणून कोणत्याही डॉक्टरकडे, दात काढण्यापूर्वीसुद्धा, आपण घेत असलेल्या औषधाचे नाव सांगणे आवश्यक असते. काळी शौच, लघवीतून रक्त किंवा डोक्याला मार बसणे ही तातडीने रुग्णालयात जाण्याची कारणे आहेत. तोंड वाकडे होणे, हात-पाय लुळा पडणे किंवा बोलणे अडखळणे ही पक्षाघाताची चिन्हे दिसताच १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवावी लागते; गुठळी विरघळवणारे औषध सर्वसाधारणपणे पहिल्या साडेचार तासांतच देता येते. त्या वेळी रुग्णाच्या गोळ्यांची चिठ्ठी सोबत असल्यास उपचारांचा निर्णय लवकर होतो.